बीपखाली शिवी लपलेली नसते

टीव्हीवरच्या ‘बीप’खाली मूळ शब्द तसाच असतो आणि अ‍ॅपने बीप काढला की तो ऐकू येतो, असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं. हे चूक आहे. संकलक आधी तेवढा आवाज बंद करतो आणि त्या रिकाम्या जागी साधारण १००० हर्ट्झचा सूर टाकतो. घरी पोचणाऱ्या ध्वनीत शब्द उरतच नाही. (मूळ आवाज बंद न करता नुसता सूर त्यावर चढवला असेल, तर तो गाळून शब्द मिळू शकतो, पण ते संकलकाचं कच्चं काम.)

मग शिवी कळते कशी? बरेचदा पहिलं अक्षर बीपमधून सुटलेलं असतं, ओठ दिसतात, बाकीचं मेंदू भरतो. १९७० मध्ये मानसशास्त्रज्ञ रिचर्ड वॉरन यांनी वाक्यातला एक ध्वनी कापून तिथे खोकला घातला. जवळपास सगळ्या श्रोत्यांना शब्द अखंडच ऐकू आला.