उजाडायला वेळ लावणारा प्रकाश

ब्रिटिश लेखक टेरी प्रॅचेटच्या ‘डिस्कवर्ल्ड’ या विनोदी कादंबऱ्यांतलं जग म्हणजे एक सपाट तबकडी. ती चार हत्तींच्या पाठीवर, हत्ती एका अवाढव्य कासवाच्या पाठीवर, आणि कासव अवकाशात पोहत निघालेलं. आपल्याला हे चित्र इतकं ओळखीचं, की वाचणारा हसून पुढे सरकतो. त्या नादात या जगाच्या भौतिकशास्त्रातली सगळ्यात भारी गोष्ट निसटते. तिथला प्रकाश संथ आहे. जादूचं क्षेत्र दाट असलं की त्याचा वेग उतरतो, पार ध्वनीच्या वेगाच्या आसपास. मग पहाट पठारावरून ओघळत येते, डोंगरापाशी तुंबते, दरीत साचते.

नुसती कविकल्पना वाटते ना? जरा आकडे मांडू. सपाट जगात सूर्य उगवला की सगळीकडे एकदमच उजाडायला हवं. पण प्रकाश सेकंदाला ३४० मीटरने चालू लागला, तर मुंबई ते नागपूर एवढं सातशेएक किलोमीटरचं सरळ अंतर कापायला त्याला अर्ध्या तासाहून जास्त वेळ लागेल. आपल्या गोल पृथ्वीवर नागपूरकरांना मुंबईकरांच्या आधी पंचवीसेक मिनिटं सूर्य दिसतो, कारण आपल्या अक्षांशावर पहाटेची रेषा जमिनीवरून सेकंदाला सुमारे ४३५ मीटरने सरकते. दोन्ही आकडे जवळपासचे! गोलाईमुळे जे घडतं, ते तबकडीवर संथ प्रकाश घडवून आणतो.

(हत्ती-कासवाचा निकाल आपल्याकडे भास्कराचार्यांनी ११५० मध्येच ‘सिद्धान्तशिरोमणी’त लावला होता. पृथ्वीला आधार हवा म्हणाल तर त्या आधाराला दुसरा आधार हवा, त्याला तिसरा, याला अंतच नाही. शेवटचा कुणीतरी स्वतःच्या शक्तीवर उभा आहे असं मानायचंच, तर ती शक्ती पृथ्वीलाच का देऊ नये? प्रॅचेटचं कासव विनोदासाठी आहे. ‘पृथ्वी सपाट आहे’चे व्हिडिओ फॉरवर्ड करणाऱ्यांचं तसं नसतं.)

आता मुद्द्याचं. ‘प्रकाशाचा वेग’ या नावाखाली दोन वेगळ्या गोष्टी वावरतात. एक, c हा स्थिरांक, म्हणजे निर्वातातला वेग, सेकंदाला २९,९७,९२,४५८ मीटर. हा विश्वाच्या घडणीतच बसलेला आहे. तो ध्वनीइतका खाली आणला तर अणूही आजच्या रूपात टिकायचे नाहीत, मग जादूगार कुठले! दुसरा, एखाद्या माध्यमातून प्रकाशाचा प्रत्यक्ष जाण्याचा वेग. पाण्यात तो c च्या पाऊणपट होतो, हे शाळेतल्या अपवर्तनांकाच्या धड्यातलंच. डिस्कवर्ल्डचा प्रकाश जादूच्या क्षेत्रात शिरल्यावर मंदावतो, म्हणजे जादू हे तिथलं माध्यम झालं. असं माध्यम खरोखर बनवता येतं.

लेने हाऊ या भौतिकशास्त्रज्ञ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९९ मध्ये सोडियमच्या अणूंचा एक ढग निरपेक्ष शून्याच्या, म्हणजे शक्य त्या सगळ्यात कमी तापमानाच्या, अगदी जवळ नेऊन ठेवला आणि त्यातून लेसरचं स्पंद, म्हणजे प्रकाशाचा एक छोटा झोत (पल्स), सोडलं. वेग भरला सेकंदाला १७ मीटर, म्हणजे ताशी साठेक किलोमीटर.

यातली खरी करामत समजून घेण्यासारखी आहे. सोडियमचा अणू एका नेमक्या पिवळ्या रंगाचा प्रकाश गिळतो, त्यामुळे एरवी ढग त्या रंगाला अपारदर्शक असतो. पण या अणूला ऊर्जेच्या खालच्या दोन पातळ्या आहेत आणि वरची एक. पहिल्या पातळीवरून वर नेणारा आपला स्पंदाचा लेसर, दुसरीवरून वर नेणारा एक वेगळा, नियंत्रक लेसर. दोन्ही चालू असले की वर जाण्याचे दोन मार्ग तयार होतात आणि ते एकमेकांना पुसून टाकतात. अणू खालच्या दोन पातळ्यांच्या मिश्रणात अडकून बसतो, प्रकाश गिळेनासा होतो. याला डार्क स्टेट म्हणतात. अपारदर्शक ढगात एक अरुंद खिडकी उघडते.

त्या खिडकीच्या बरोबर मध्यावर ढगाचा अपवर्तनांक जवळपास १ असतो, निर्वाताइतकाच! म्हणजे त्या रंगाच्या लाटा पूर्ण वेगाने धावतात. मग संथ काय होतं? स्पंद. कुठलंही स्पंद ही अनेक कंप्रतांच्या (फ्रिक्वेन्सींच्या), म्हणजे किंचित वेगळ्या रंगांच्या, लाटांची बेरीज असते. शंभर ढोल घ्या, प्रत्येकाचा ठेका किंचित वेगळा. सगळ्यांची थाप जुळते तिथे दणका उठतो. आता जलद ठेक्यांना थोडं मागे आणि संथ ठेक्यांना तेवढंच पुढे सरकवा. मधला ढोल जागचा हलला नाही, तरी दणका मात्र उशिरा उठेल. खिडकीच्या आत अपवर्तनांक कंप्रतेबरोबर भयंकर तीव्रतेने बदलतो आणि नेमकी हीच सरकवासरकवी करतो. चढ जितका तीव्र तितका उशीर मोठा. निर्वातात पाऊण किलोमीटर लांबीचं स्पंद ढगात शिरताना दबून मिलिमीटरच्या काही शतांश भागांत मावतं. नियंत्रक लेसर मंद करत नेला तर खिडकी आणखी अरुंद होते, वेग आणखी उतरतो.

२००१ मध्ये हा नियंत्रक लेसर पुरता बंद करून स्पंद ‘थांबवलं’, आणि मथळे सुटले. आइनस्टाईन चुकला वगैरे. यात c ला धक्का लागलेला नाही. थांबलेल्या अवस्थेत ढगात प्रकाश नसतोच. असतो तो अणूंच्या पातळ्यांवर उमटलेला त्याचा ठसा. लेसर पुन्हा लावला की त्यावरून स्पंद पुन्हा घडतं.

डिस्कवर्ल्डसाठी मात्र एक अडचण उरते. कंप्रतेच्या मापात ही खिडकी जेमतेम मेगाहर्ट्झभर रुंद असते, आणि दृश्य प्रकाशाचा पट्टा तिच्या कोट्यवधी पट. तबकडीवर जादूऐवजी आपला सोडियमचा ढग पसरला, तर पहाटेचे जवळजवळ सगळे रंग एका झटक्यात येऊन पोचतील. रेंगाळत येईल तो पिवळ्याचा एक केसाएवढा पट्टा. सगळ्या रंगांना एकसारखं आणि इतकं मंदावणारं माध्यम अजून कुणाला सापडलेलं नाही.