ॲलिसम : इंदूरच्या बागांतील लागवड व निगा

ॲलिसम ही हिवाळ्यात फुलणारी बुटकी, पसरट शोभेची वनस्पती. शास्त्रीय नाव लोब्युलॅरिया मॅरिटिमा. मोहरी, मुळा, कोबी यांच्या क्रुसिफेरी कुलातली असल्याने हिच्याही फुलाला क्रुसासारख्या मांडलेल्या चार पाकळ्या असतात, पण फूल अगदी चिमुकले. उंची १० ते २५ सेंमी., रंग पांढरा, गुलाबी किंवा जांभळा, आणि वास मधाचा. हा वासच तिचे खरे वैभव आहे. म्हणून गमला गच्चीच्या कोपऱ्यात न ठेवता जिन्याच्या कठड्यावर किंवा खिडकीत, येता-जाता नाकाशी येईल असा ठेवावा. (इंदूरच्या मराठी घरांत कुंडीला गमला आणि वाफ्याला क्यारीच म्हणतात.) ॲलिसम हे नाव ग्रीक असून ‘अ’ म्हणजे नाही आणि ‘लिसा’ म्हणजे पिसाळणे, अशी वनस्पती पिसाळलेल्या कुत्र्याच्या चाव्यावर गुणकारी, असा प्राचीन समज होता.

मूळ स्थान भूमध्य समुद्राचा किनारा. तिथे ती वाळूत आणि खडकांच्या फटींत वाढते. इंदूर मात्र समुद्रसपाटीपासून सुमारे ५५० मी. उंचीवर, माळव्याच्या काळ्या जमिनीवर वसलेले. ‘मालव माटी गहन गंभीर’ हा गव्हा-हरभऱ्याच्या दृष्टीने गौरव खरा, पण ॲलिसमला ही माती जड जाते. ओली झाली की ती फुगून पाणी धरून ठेवते आणि मुळे कुजतात. वाळली की भेगाळते आणि उथळ मुळे उघडी पडतात. इथे ही रोपे तहानेने मरण्यापेक्षा पाण्याच्या लाडाने अधिक मरतात. त्यामुळे क्यारी वीतभर उंच करून तीत जाड वाळू आणि कुजलेले खत मिसळावे. गमल्यासाठी दोन भाग माती, एक भाग वाळू व एक भाग खत पुरते. तळाच्या छिद्रावर खापरी ठेवावी.

खताच्या बाबतीत इंदूरचे नाव जगभर झाले आहे. १९२४ मध्ये येथे स्थापन झालेल्या वनस्पती-उद्योग संस्थेत इंग्रज कृषिशास्त्रज्ञ अल्बर्ट हॉवर्ड यांनी पालापाचोळा, शेण, गोमूत्राने भिजलेली माती आणि राख यांचे थर रचून, ढीग वेळोवेळी उलटून सुमारे तीन महिन्यांत खत करण्याची पद्धत बसवली; तिलाच ‘इंदूर पद्धत’ म्हणतात. असे भुसभुशीत खत ॲलिसमला मानवते. युरिया मात्र देऊ नये. पाने माजतात आणि फुले रुसतात.

पाऊस ओसरल्यावर, दसऱ्याच्या सुमारास बी पेरतात. एका ग्रॅममध्ये सुमारे ३,००० बिया भरतात, म्हणून चिमूटभर बी कोरड्या वाळूत मिसळून भुरभुरावे आणि तळहाताने नुसते दाबावे. उगवण्यासाठी उजेड लागतो, म्हणून वर माती टाकू नये. एक ते दोन आठवड्यांत कोंब दिसतात. दाट उगवलेली रोपे विरळ करण्याचे अनेकांच्या जिवावर येते, पण ती तशीच ठेवली तर मर रोगाने सगळीच बसतात. दोन रोपांत १५ सेंमी. अंतर ठेवावे. पाणी सकाळी, मातीचा वरचा थर सुकल्यावरच द्यावे.

पेरणीपासून सहा ते आठ आठवड्यांत फुले येतात आणि संक्रांतीला क्यारी गच्च भरते. पहिला बहर फिका पडू लागला की कात्रीने वरचा एक-तृतीयांश भाग सरसकट छाटावा. हात धजावत नाही, पण छाटलेले झाड दोन-तीन आठवड्यांत पुन्हा फुलते. न छाटलेले लांबट होऊन बियांत जाते.

मावा आणि कोबीवरचा चौकोनी ठिपक्यांचा पतंग हिलाही सोडत नाहीत. तरी विषारी फवारणी टाळावी, कारण या फुलांवर सिरफिड माश्या येतात आणि त्यांच्या अळ्या मावा खातात. कॅलिफोर्नियात लेट्यूसच्या शेतांत याचसाठी ॲलिसमच्या ओळी लावतात. पाण्याचा जोरदार फवारा आणि निंबोळी अर्क घरच्या बागेला पुरतो.

रंगपंचमीची गेर, म्हणजे रंग उधळत जाणारी मिरवणूक, निघते तोवर ऊन तापलेले असते आणि झाडे थकू लागतात. तेव्हा वाळलेल्या चपट्या शेंगा कागदावर झटकून बी सावलीत सुकवावे. शेंगेच्या प्रत्येक कप्प्यात एकच बी असते. जांभळ्या फुलांच्या बियांतून पुढच्या वर्षी बरीच पांढरी निघतात. जांभळाच रंग हवा असेल तर दरवर्षी ताजे पाकीट घ्यावे.