ग्लासगोतील टोळीहिंसा व तिचा प्रतिबंध

ग्लासगोतील टोळीहिंसा व तिचा प्रतिबंध : स्कॉटलंडमधल्या ग्लासगो शहरात तरुण पोरांच्या टोळ्यांमध्ये पिढ्यानपिढ्या चालत आलेली मारामारी, मुख्यतः चाकूची, आणि ती थांबवायला २००५ पासून पोलीस, डॉक्टर, शाळा आणि समाजसेवक यांनी मिळून केलेलं काम. तरुणांमधल्या हिंसेचा विषय निघाला की आता जगात कुठेही ग्लासगोचं नाव येतंच, आणि बहुतेक वेळा ‘तिथे हिंसेला रोग मानून बरा केला’ एवढ्या एका वाक्यात सगळं उरकतात. प्रकरण तेवढं सरळ नाही, आणि शिकण्यासारखं जे आहे ते या गुंतागुंतीतच आहे.

टोळ्यांची सुरुवात नेमकी कधी धरायची यावर एकमत नाही. १८७०-८० च्या सुमारास ‘पेनी मॉब’ नावाच्या टोळक्यांचे उल्लेख सापडतात, पण पुढच्या टोळ्या त्यांच्यातूनच निघाल्या असं म्हणायला फारसा आधार नाही, त्यामुळे बरेच अभ्यासक पहिल्या महायुद्धानंतरच्या काळापासून सुरुवात करतात आणि तेच जास्त पटतं. १९२०-३० च्या दशकांत जहाजबांधणी बसली, बेकारी वाढली, आणि पूर्व भागातल्या ब्रिजटनमध्ये प्रोटेस्टंट पोरांची ‘बिली बॉइज’ आणि त्यांच्या विरोधात कॅथलिक पोरांची ‘नॉर्मन कॉन्क्स’ अशा टोळ्या वस्तऱ्यांनी एकमेकांवर धावून जायला लागल्या. १९३१ ला शेफील्डहून पर्सी सिलिटो पोलीसप्रमुख म्हणून आले (हेच पुढे ब्रिटनच्या अंतर्गत गुप्तचर संस्थेचे, एमआय-५ चे, संचालक झाले) आणि आपण टोळ्या मोडून काढल्या असं त्यांनी नंतर सांगितलं. टोळ्यांचा इतिहास लिहिणारे अँड्र्यू डेव्हिस वगैरे मंडळी हा दावा जशाच्या तसा मान्य करत नाहीत, टोळ्या त्यानंतरही होत्याच असं दाखवतात.

दुसऱ्या महायुद्धानंतर जुन्या चाळवजा इमारती पाडून शहराच्या कडेला मोठ्या सरकारी वसाहती उठवल्या गेल्या, ईस्टरहाउस, ड्रमचॅपल, कासलमिल्क, पोलक. घरं बरी होती, न्हाणीघर घरात होतं, पण हजारोंच्या वस्तीला दुकानं, सिनेमा, क्लब जवळपास काहीच नाही. इथून पुढे भांडणाचा आधार धर्मापेक्षा वस्ती झाला. १९६८ च्या उन्हाळ्यात गायक फ्रँकी व्हॉन ईस्टरहाउसच्या टोळीप्रमुखांना भेटले, मदतीचं आश्वासन दिलं आणि पोरांनी आपली हत्यारं आणून जमा केली. पेपरांनी भरपूर फोटो छापले. त्यातून ‘ईस्टरहाउस प्रोजेक्ट’ नावाचं युवक केंद्र उभं राहिलं. हत्यारं किती होती याच्यापेक्षा पोरांनी बदल्यात काय मागितलं हे महत्त्वाचं वाटतं, बसायला एक जागा.

२००० च्या आसपासचं चित्र असं की एकेका वसाहतीत, कधी दोन रस्त्यांच्या अंतरावर, आपापली ‘यंग टीम’ असायची, वय साधारण १२ ते २४, भिंतीवर टोळीचं नाव रंगवलेलं, आणि हद्द ओलांडली की मार. पोलिसांच्या एका मोजणीत शहरात १७० च्या घरात टोळ्या निघाल्या होत्या, पण टोळी कशाला म्हणायचं यावर हा आकडा फार अवलंबून आहे. ड्रग्जचा धंदा चालवणाऱ्या संघटित गुन्हेगारांशी यांची गल्लत करू नये. इथे कमाई काही नव्हती. पलीकडच्या वस्तीतल्या स्विमिंग पूलला जाता येत नाही, तिकडे नोकरी मिळाली तरी घेता येत नाही, गालावर ओठाच्या कोपऱ्यापासून कानापर्यंत गेलेला व्रण घेऊन इंटरव्ह्यूला बसायचं, असा सगळा हिशोब होता. २००४-०५ या एका वर्षात स्कॉटलंडमध्ये १३७ च्या आसपास खून नोंदले गेले, सगळा देश जेमतेम ५० लाखांचा. २००५ मध्येच एका आंतरराष्ट्रीय पाहणीच्या आधारे ‘विकसित जगातला सगळ्यात हिंसक देश’ असा मथळा स्कॉटलंडच्या नावावर चढला. ती पाहणी फोनवरच्या मुलाखतींची होती, तिच्यावर आक्षेपही आले, पण मथळा चिकटला तो चिकटलाच.

त्याच वर्षी जानेवारीत तिथल्या स्ट्रॅथक्लाइड पोलिसांनी ‘व्हायलन्स रिडक्शन युनिट’, म्हणजे हिंसा कमी करण्यासाठीचं पथक, काढलं. त्यामागे दोन माणसं, खुनांचा तपास करण्यात आयुष्य गेलेले जॉन कार्नोकन आणि मूळच्या नर्स, नंतर पोलिसांत गुन्हे-विश्लेषक झालेल्या कॅरिन मकक्लस्की. २००६ मध्ये हे युनिट सगळ्या देशासाठी झालं. कार्नोकन यांचं एक म्हणणं फार गाजलं, की मला हजार पोलीस हवेत की हजार हेल्थ व्हिजिटर असं विचारलं तर मी हेल्थ व्हिजिटर घेईन. हेल्थ व्हिजिटर ही पाच वर्षांखालच्या मुलांच्या घरी जाणारी नर्स. एवढी वर्षं खून बघितलेला अधिकारी हे बोलतो तेव्हा ते ऐकायला हवं.

पद्धत कुठून आली हा वादाचा मुद्दा आहे आणि तो नीट बघायला लागतो, कारण यावरच पुढचं मूल्यमापन ठरतं. हिंसा हा सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न आहे ही मांडणी मुळात अमेरिकेतली, तिथल्या सीडीसी या रोगनियंत्रणाच्या सरकारी संस्थेने १९८३ मध्ये त्यासाठी वेगळी शाखा काढली, १९८५ मध्ये सर्जन जनरल (सरकारचे प्रमुख आरोग्य-अधिकारी) सी. एव्हरेट कूप यांनी कार्यशाळा भरवली, आणि २००२ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने हिंसा व आरोग्य यांवरचा पहिला जागतिक अहवाल काढला. आधी मोजा, मग कारणं शोधा, उपाय करून तपासा, जमलं तर पसरवा, अशा त्यातल्या पायऱ्या. ग्लासगोच्या युनिटने ही भाषा उघडपणे उचलली. पण प्रत्यक्ष टोळ्यांवरचं काम आलं दुसरीकडून. अनेक लेखांत ग्लासगोचं मूळ शिकागोत दाखवतात, तिथे साथरोगतज्ज्ञ गॅरी स्लटकिन यांनी २००० नंतर वस्तीतलेच, पूर्वी टोळीत असलेले लोक भांडणाच्या मध्ये पडायला नेमले आणि पोलिसांपासून मुद्दाम अंतर ठेवलं. ग्लासगोत पोलीस तर केंद्रस्थानी होते, त्यामुळे शिकागोशी नातं जोडणं ताणलेलं वाटतं. खरं मूळ बोस्टनचं. तिथे संशोधक डेव्हिड केनेडी, अँथनी ब्रागा आणि अ‍ॅन पील यांनी पोलिसांबरोबर १९९६ मध्ये ‘ऑपरेशन सीझफायर’ चालवलं, टोळीतल्या पोरांना समोर बसवून सांगायचं की यापुढे एकाने गोळी झाडली तर सगळ्या टोळीमागे लागू आणि सोडायचं असेल तर ही मदत. तरुणांच्या खुनांची मासिक सरासरी ६३ टक्क्यांनी उतरली असं त्यांच्या अभ्यासात आलं. मात्र त्याच काळात अमेरिकेत सगळीकडेच खून कमी होत होते, म्हणून गुन्हेशास्त्रज्ञ रिचर्ड रोझेनफेल्ड वगैरेंनी हा परिणाम किती खरा याबद्दल शंका घेतली, आणि शहरातल्या पाद्र्यांची ‘टेन पॉइंट कोलिशन’ तर आधीपासून काम करत होती, तिचाही श्रेयावर हक्क होता. बोस्टनवरून २००७ मध्ये अमेरिकेतलंच सिनसिनाटी, आणि सिनसिनाटीवरून नावासकट २००८ मध्ये ग्लासगो, अशी ही वाट.

ग्लासगोचा हा कार्यक्रम, ‘कम्युनिटी इनिशिएटिव्ह टु रिड्यूस व्हायलन्स’, ऑक्टोबर २००८ ते २०११ असा चालला, आधी शहराच्या पूर्व भागात. वेगवेगळ्या टोळ्यांच्या पोरांना शेरीफ कोर्टात बोलवायचे. (शेरीफ म्हणजे तिथला न्यायाधीश, अमेरिकन सिनेमातला पोलीस नव्हे.) खऱ्या कोर्टात, खऱ्या शेरीफसमोर बैठक. पोलीस अधिकारी सांगायचे की तुम्ही कोण, कुठले, आम्हाला सगळं माहितीये. सर्जन चाकूने चिरलेल्या चेहऱ्यांबद्दल सांगायचे, टाके घालून काय नीट होतं आणि काय कधीच होत नाही ते. मग मुलगा गमावलेली, किंवा मुलगा मरता मरता वाचलेली आई बोलायची. पोलिसांना शिव्या घालायला तयार बसलेली पोरं इथे मान खाली घालायची असं हजर असलेले अनेक जण सांगतात. शेवटी एक फोन नंबर, हिंसा सोडतो म्हणून फोन केला की शिक्षण, नोकरी, दारू सोडवणं, खेळ, जे लागेल ते जुळवून द्यायचं. यात एक तांत्रिक फरक महत्त्वाचा आहे. अमेरिकेत पॅरोल-प्रोबेशनच्या (सशर्त सुटकेच्या) अटीखाली पोरांना सक्तीने आणता येत होतं, स्कॉटलंडच्या कायद्यात ती सोय नव्हती, म्हणून इथे येणं ऐच्छिक होतं. आता ऐच्छिक असेल तर येणारी पोरं आधीच सुटायच्या मनःस्थितीतली नसतील कशावरून, हा प्रश्न येतोच.

डॅमियन विल्यम्स आणि सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये छापलेल्या अभ्यासात भाग घेतलेल्यांची तुलना त्याच वयाच्या दुसऱ्या गटाशी केली. हत्यार बाळगण्याचे गुन्हे भाग घेतलेल्यांत ८४ टक्के आणि दुसऱ्या गटात ४० टक्के कमी झाले, हा फरक ठाम निघाला. मारहाणीचे गुन्हे ५२ आणि २९ टक्क्यांनी कमी झाले, पण हा फरक संख्याशास्त्राच्या कसोटीला उतरला नाही. बातम्यांत पहिला आकडा सांगतात आणि दुसऱ्याबद्दल गप्प बसतात, हे बरोबर नाही. हे काम खरोखर टिकायला हवं असेल तर दोन्ही आकडे सांगितले पाहिजेत.

विरोधी मत असं की हिंसा उतरली ती जुन्याच पोलिसी उपायांनी. चाकू बाळगण्याची कमाल शिक्षा २००६ मध्ये दोनवरून चार वर्षं झाली, पुढे पाच झाली. रस्त्यात अडवून झडती घेणं त्या काळात अफाट वाढलं होतं, कॅथ मरे यांच्या २०१४ च्या संशोधनात २०१० मधलं प्रमाण इंग्लंड-वेल्सच्या चौपट निघालं, त्यात लहान मुलंसुद्धा, आणि कितीतरी झडत्या कायद्याच्या आधाराशिवाय नुसत्या ‘संमती’वर. मे २०१७ पासून नुसत्या संमतीवर झडती घ्यायची पद्धत बंद झाली, आणि खुनांचा आकडा त्यानंतर एकदम उसळला नाही, २०२२-२३ मध्ये तर तो ५२ वर, १९७६ नंतरच्या नीचांकावर होता. त्यामुळे सगळं श्रेय झडतीला देता येत नाही. दुसऱ्या बाजूला, एडिनबरोमध्ये १९९८ पासून सुमारे ४,३०० मुलांचा मागोवा घेणाऱ्या लेस्ली मॅकआरा आणि सुझन मॅकव्ही यांना दिसलं की पोरगा न्यायव्यवस्थेत जितका खोल ओढला जातो तितकं त्याचं गुन्ह्यातून बाहेर पडणं अवघड होतं. २०११ पासून सरकारने किरकोळ प्रकरणांत पोरांना व्यवस्थेबाहेरच ठेवायचं धोरण घेतलं त्याला या अभ्यासाचा मोठा आधार होता. एकाच उपायाचं नाव घेण्यापेक्षा हे सगळं एका वेळी, आणि मुख्य म्हणजे सरकारं निधी न तोडता वर्षानुवर्षं, चालू राहिलं हे कारण जास्त सयुक्तिक दिसतं.

मुलांसाठी स्कॉटलंडमध्ये १९७१ पासून ‘चिल्ड्रन्स हिअरिंग’, म्हणजे मुलांसाठीची वेगळी सुनावणी, आहे. भारतातल्या बाल न्याय मंडळात एक दंडाधिकारी आणि दोन सामाजिक कार्यकर्ते असतात, स्कॉटलंडच्या या सुनावणीत न्यायाधीश नसतोच, प्रशिक्षण घेतलेले तीन सामान्य नागरिक टेबलाभोवती बसून मुलाचं काय करायचं ते ठरवतात. गुन्हा सिद्ध करण्याचा वाद आला तर तेवढं शेरीफकडे जातं.

दवाखान्यांतलं काम नंतरचं. २००८ मध्ये क्रिस्टीन गुडॉल आणि इतर सर्जननी ‘मेडिक्स अगेन्स्ट व्हायलन्स’ सुरू केलं, हे लोक शाळांत जाऊन बोलतात. २०१५ च्या शेवटी ग्लासगो रॉयल इन्फर्मरीच्या आपत्कालीन विभागात ‘नॅव्हिगेटर’ आले. जखमी पोराच्या खाटेशी बसणारा हा माणूस पोलीस नसतो आणि डॉक्टरही नसतो, तो विचारतो की इथून बाहेर पडल्यावर आज रात्री जाणार कुठे.

मुलींबद्दलचं लिखाण फारच थोडं आहे, टोळ्यांतल्या मुली बहुधा कोणाची तरी मैत्रीण किंवा बहीण म्हणूनच नोंदल्या गेल्यात. लंडनच्या महापौरांनी २०१८ मध्ये ग्लासगोचा दाखला देऊन तसंच युनिट जाहीर केलं, आणि २०१९ पासून इंग्लंड-वेल्समधल्या १८ पोलीस-क्षेत्रांना त्यासाठी पैसे मिळाले, तेही सुरुवातीला एका वर्षापुरतेच.