अपघाताचा साक्षीदार आणि वेगाचा आकडा

मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात प्रत्यक्षदर्शी साक्षीदार उभा राहिला, की उलटतपासणीत एक प्रश्न हमखास येतो: "ट्रक ताशी किती किलोमीटर वेगाने येत होता?" साक्षीदार साठ म्हणतो आणि पोलिसांनी घेतलेल्या जबाबात ऐंशी असतात. मग त्या तफावतीवर बोट ठेवून सगळी साक्षच मोडीत काढायचा प्रयत्न होतो. माझ्या मते हा त्या माणसावर आणि नुकसानभरपाई मागणाऱ्या कुटुंबावर अन्याय आहे. वेगाचा आकडा ही माणसाच्या स्मरणशक्तीची सगळ्यात कच्ची बाजू आहे.

मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ मध्ये अमेरिकेत ४५ विद्यार्थ्यांना अपघातांच्या छोट्या फिल्म दाखवून गाड्यांचा वेग विचारला. प्रश्न एकच, फक्त क्रियापद वेगळं. गाड्या 'जोरात आदळल्या तेव्हा' असं विचारल्यावर सरासरी उत्तर आलं ताशी सुमारे ४१ मैल. 'एकमेकींना टेकल्या तेव्हा' म्हटल्यावर सुमारे ३२. दुसऱ्या प्रयोगात आठवड्याने विचारलं, फुटलेली काच दिसली का? फिल्ममध्ये काच फुटलेलीच नव्हती. तरी 'जोरात आदळल्या' ऐकलेल्या ५० पैकी १६ जणांनी होकार दिला, तर साधं 'धडकल्या' ऐकलेल्या ५० पैकी ७ जणांनी. यातलं कुणीही खोटं बोलत नव्हतं.

आपल्याकडच्या फिर्यादी आठवून पाहा. 'भरधाव वेगाने, हयगयीने व निष्काळजीपणे' हे शब्द बहुतेक वेळा लिहून घेणाऱ्याचे असतात. जबाबावर सही करताना ते साक्षीदाराच्या कानावर पडतात आणि पुढे आठवणीतही मिसळू शकतात.

डोळ्यांच्याही मर्यादा आहेत. वाहन समोरून थेट आपल्याकडे येत असेल, तर डोळ्यातली त्याची प्रतिमा आधी अगदी सावकाश मोठी होते आणि शेवटच्या क्षणी झपाट्याने फुगते. त्यामुळे वेगाचा अंदाज चुकतो. शिवाय रस्त्याकडेचे कितीतरी लोक आवाज ऐकून मान वळवतात, तोवर धडक होऊन गेलेली असते. नंतर घोळक्यात चर्चा होते. गॅबर्ट, मेमन आणि ॲलन यांच्या २००३ च्या प्रयोगात आपसांत बोललेल्या साक्षीदारांपैकी ७१ टक्के लोकांनी दुसऱ्याकडून कळलेला किमान एक तपशील स्वतः पाहिल्यासारखा सांगितला.

मग साक्षीवर भरवसा ठेवायचाच नाही का? ठेवायचा, पण योग्य प्रश्नांपुरता. कोणतं वाहन, कोणत्या दिशेने आलं, चुकीच्या बाजूला होतं का, हा घटनेचा गाभा सहसा जास्त टिकतो. वेग रस्त्यालाच विचारावा. कोरड्या डांबरावर चाकं जाम होऊन २० मीटर घसरल्याची खूण असेल आणि घर्षण गुणांक (टायर आणि रस्ता यांच्यातल्या पकडीचं माप) ०.७ धरला, तर ब्रेक लागताना वेग किमान ताशी ६० किलोमीटरच्या आसपास निघतो. त्यासाठी घटनास्थळ पंचनाम्यात त्या खुणेची लांबी टेपने मोजून लिहिलेली हवी. नुसतं 'ब्रेकच्या खुणा दिसल्या' लिहून काहीच हाती लागत नाही.

कायदाही इथे समंजस आहे. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खालच्या दाव्यात निष्काळजीपणा फौजदारी खटल्यासारखा निःसंशय सिद्ध करावा लागत नाही. कोणती शक्यता अधिक, एवढं पाहिलं जातं. राजस्थानातल्या एका बस अपघाताच्या दाव्यात, दोषारोपपत्राच्या यादीत नाव नसल्याने साक्षीदार अविश्वसनीय ठरत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सांगितलं. डिसेंबर २०२० च्या एका निकालात तर जखमींना रुग्णालयात पोचवणाऱ्या माणसावर, तो पोलिसांकडे गेला नाही म्हणून, उच्च न्यायालयाने घेतलेला संशय सर्वोच्च न्यायालयाने चुकीचा ठरवला.

खोटे उभे केलेले साक्षीदार असतात, हेही खरं. पण ते ओळखायला किलोमीटरचा आकडा कुचकामी आहे. हा माणूस त्या वेळी तिथे का होता, रुग्णालयाच्या नोंदीत त्याचा उल्लेख आहे का, तो सांगतो ती दिशा वाहनावरच्या पोच्याशी जुळते का, हे तपासावं. पढवलेला साक्षीदार आकडा बिनचूक सांगू शकतो. पोचा कोणत्या बाजूला पडला, ते त्याच्या हातात नसतं.