शिरगणतीत कोण सुटलं ते कळतं कसं?
जनगणना म्हणजे घरोघर जाऊन एकेक माणूस मोजायचा, मग चूक होईलच कशी असं आपल्याला वाटतं, पण होते. भारतात २०११ च्या जनगणनेनंतर निवडक ठिकाणी परत जाऊन तपासलं तेव्हा दुबार नोंदी वजा करूनही हजारामागे साधारण २३ माणसं सुटलेली निघाली.

आता जो कागदावरच नाही तो सुटला हे कळणार कसं? इथे सँपलिंग, म्हणजे निवडक ठिकाणं तपासून सगळ्यांचा अंदाज बांधणं, कामाला येतं आणि मला तर हाच भाग सगळ्यात भारी वाटतो. समजा एका वस्तीत पहिल्या फेरीत ९०० लोक मोजले. मग काही दिवसांनी दुसरी माणसं, पहिली यादी अजिबात न बघता, तिथेच परत मोजायला जातात आणि त्यांना ८०० सापडतात. दोन्ही याद्या जुळवल्या की ७२० नावं कॉमन. म्हणजे ८०० पैकी ७२०, पहिल्या फेरीने ९० टक्के लोक पकडले होते. ९०० म्हणजे ९० टक्के तर वस्ती १००० ची, आणि त्यातले २० जण दोन्ही वेळा कुणालाच दिसले नव्हते, तरी ते आहेत हे कळलं!

अर्थात नाव लिहिण्यात गडबड झाली की तोच माणूस दोन वेगळे वाटतो आणि आकडा उगाच फुगतो, शिवाय काही लोक दोन्ही वेळा घरी नसतातच, म्हणून याद्या जुळवायचं काम फार किचकट.

खरी अडचण अशी की सुटणारे लोक सगळीकडे सारखे नसतात. भाड्याने राहणारे, सतत जागा बदलणारे, आणि लहान मुलं, घरातलं तान्हं बाळ सांगायचं राहूनच जातं. अमेरिकेत २०२० ला देशाचा एकूण आकडा जवळपास बरोबर आला, पण आत बघितलं तर हिस्पॅनिक, म्हणजे मूळचे स्पॅनिश बोलणाऱ्या देशांतले, लोक ५ टक्के कमी मोजले गेलेले आणि गोरे दीड टक्क्याहून जास्त, म्हणजे एकाची तूट दुसऱ्याच्या वाढीने झाकली गेली. आणि तिथल्या सुप्रीम कोर्टाने १९९९ मध्येच सांगितलंय की कायद्यानुसार राज्यांना संसदेतल्या जागा वाटताना सँपलिंगने सुधारलेला आकडा चालणार नाही. म्हणजे कोण किती सुटलं हे माहीत असूनही जागा मात्र कच्च्या मोजणीवरच, हे मला अजिबात पटत नाही.