थँक्यू म्हणायचं, पण कुणाला आणि कशाबद्दल?

'आफ्रिकन भाषांमध्ये थँक्यू कसं म्हणतात' असे तक्ते नेटवर ढिगाने सापडतात, डावीकडे भाषा, उजवीकडे शब्द, झालं काम. पण त्या खंडात भाषाच 2000 च्या आसपास आहेत आणि बऱ्याच ठिकाणी नुसता शब्द पाठ करून भागत नाही, कारण आभार कोण मानतंय, समोर किती जण आहेत, वयाने मोठं कोण, हे सगळं त्या शब्दातच बसवलेलं असतं.

दक्षिण आफ्रिकेतल्या झुलू भाषेचंच घ्या. एकटा माणूस म्हणतो न्गियाबोन्गा, त्यातलं सुरुवातीचं 'न्गि' म्हणजे मी, ते काढून 'सि' लावलं की सियाबोन्गा, म्हणजे आम्ही आभार मानतो. झुलू ज्यात मोडते त्या बांटू गटातल्या भाषा अशाच चालतात, क्रियापदाला पुढून-मागून तुकडे जोडत जायचे की एका शब्दात अख्खं वाक्य तयार. स्वाहिलीत उलट ऐकणाऱ्यांचा हिशोब, एकाला असान्ते आणि अनेकांना असान्तेनी (यातला असान्ते मुळात अरबीतून आलाय). नायजेरियातल्या योरुबात लहानाला 'ओ शे' आणि मोठ्याला 'ए शे', तिथे अरेतुरे केलं की संपलंच.

मला सगळ्यात भारी वाटते ती युगांडातली लुगांडा. वेबाले म्हणजे थँक्यू, पण त्यापुढे सरळ काम जोडता येतं, वेबाले कुफुम्बा म्हणजे स्वयंपाक केल्याबद्दल, वेबाले कुवुगा म्हणजे गाडी चालवल्याबद्दल. आणि ते काम तुमच्यासाठीच केलेलं असायला पाहिजे असंही नाही! रस्त्याने जाताना कुणी स्वतःच्याच शेतात खणताना दिसला तरी जाणारा 'ग्येबाले को' म्हणतो, म्हणजे कष्ट करताय, छान करताय. आता हे आभार म्हणायचे, शाबासकी की नमस्कार? माझ्या मते तिन्ही.

झिम्बाब्वेतल्या शोना लोकांकडे तर हातही बोलतात. तोंडाने ताटेंडा म्हणायचं आणि सोबत हळू टाळ्या वाजवायच्या, पण पुरुषांची टाळी सरळ, बोटांवर बोटं आणि तळव्यावर तळवा, तर बायकांची हात आडवे धरून ओंजळीसारखी पोकळ, त्यामुळे आवाजही वेगळा येतो. वस्तू घ्यायच्या आधीसुद्धा टाळी वाजवतात. शिवाय कुळाचं प्राणीचिन्ह असतं, साधारण आपल्या देवकासारखं, त्यालाच मुटुपो म्हणतात, आणि सिंहाच्या कुळातल्या माणसाचे आभार मानताना 'माइता शुम्बा' म्हणतात, म्हणजे त्याच्याबरोबर अख्ख्या कुळाचा मान राखला जातो.

मग ही सगळी मंडळी दिवसभर आभारच मानत बसतात का? तर नाही. 2018 मध्ये रॉयल सोसायटी ओपन सायन्स या विज्ञानाच्या नियतकालिकात एक अभ्यास आला होता, 8 भाषांमधल्या घरगुती, शेजारपाजारच्या गप्पा रेकॉर्ड करून तपासलेल्या, त्यात पूर्व घानातली सिवू भाषाही होती. कुणी काही मागितलं आणि ते मिळालं, तर सगळ्या भाषा मिळून साधारण 20 पैकी एकदाच आभार मानले गेले, इंग्रजी आणि इटालियनमध्ये जरा जास्त. बाकी वेळा वस्तू घेतली आणि गप्पा पुढे सुरू, कुणाला त्यात उद्धटपणा वाटला नाही. अर्थात हे घरातलं झालं, घानात बाजारात किंवा टॅक्सीत अनोळखी माणसाला ट्वी भाषेतलं 'मेदासे' म्हणायला विसरू नका.