मांजर घुरघुरतंय म्हणजे मजेत आहे?

‘घुरघुरतंय ना, मग काही दुखत नाही त्याला!’ हा समज घरोघरी आहे, पण अर्धाच खरा. जखमी, व्यायला टेकलेली, अगदी मरणाच्या दारातली मांजरंही घुरघुरतात. म्हणून पशुवैद्य चेहरा बघतात: कान बाजूला वळलेत, डोळे किलकिले, नाकतोंड ताणलेलं, मिशा ताठ, मान खाली? मॉन्ट्रियल विद्यापीठात तयार झालेल्या, २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या मोजपट्टीत या पाचांना प्रत्येकी ० ते २ गुण. दहापैकी ४ किंवा जास्त भरले की वेदनाशामकाचा विचार. (घरातली पॅरासिटामॉल चुकूनही नको, मांजराला ती विषच.) आणि बोका पुन्हा पुन्हा कुंथतोय, लघवी मात्र होत नाही, तर मूत्रमार्ग तुंबला असेल. तो घुरघुरत असला तरी लगेच दवाखाना गाठा.